हसणारे गाव : झाडीपट्टीतील रूढी, दंडार आणि ग्रामीण विनोदपट

खेड्यातील चमत्कारिक रूढी हा विनोदाचा जुना आणि हुकमी विषय आहे. पाऊस लांबला म्हणून बेडकाला मुसळाला बांधून घरोघर फिरविणे, देवाच्या नावाने सोडलेल्या वळूने उभे पीक तुडविले तरी त्याच्यावर काठी न उगारणे, ढेकूण-डासांना नावे घेऊन शिवेबाहेर घालविणे, यांपैकी कोणतीही रीत घेतली तरी तीत प्रहसनाचे बीज सहज सापडते. परंतु रूढी चमत्कारिक वाटते ती कोणाला, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. जो ती पाळतो त्याच्या लेखी ती केवळ रीत असते. चमत्कारिकपणा पाहणाऱ्याच्या डोळ्यांत असतो. म्हणून अशा विनोदाचा विचार करताना हसे कशाचे झाले यापेक्षा हसणारा कोठे बसला आहे, हे पाहणे अधिक फलदायी ठरते. चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलपट्ट्यात हा प्रश्न विशेष टोकदार होतो. कारण येथील गावांना स्वतःला हसण्याची स्वतःची रंगभूमी आहे, आणि चित्रपटाचा कॅमेरा तेथे बऱ्याच उशिरा पोहोचला आहे.

आंरी बर्गसाँ या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९०० साली प्रसिद्ध केलेल्या हास्यविषयक निबंधात एक मार्मिक किस्सा दिला आहे. चर्चमधील प्रवचन ऐकून सारे श्रोते अश्रू ढाळीत असता एक गृहस्थ कोरडाच बसून राहिला. कारण विचारता तो म्हणाला, की आपण या गावच्या चर्चचे नव्हेत. बर्गसाँच्या मते अश्रूंविषयी या गृहस्थाने जे सांगितले ते हास्याच्या बाबतीत अधिकच खरे आहे. हसणे हे नेहमी कोणत्या ना कोणत्या समूहाचे हसणे असते. हा समूह कोणता, याचा निवाडा झाडीपट्टीत नाटकाच्या मांडवात होतो, तसा पुस्तकात क्वचितच होत असेल.

भंडारा, गोंदिया, गडचिरोली हे जिल्हे आणि चंद्रपूरचा ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाही, मूल हा पूर्वेकडील भाग मिळून झाडीपट्टी होते. वैनगंगेचे खोरे, धानाची शेते, गावोगावचे तलाव आणि बोड्या, आणि त्यांना वेढून असलेले जंगल ही तिची ओळख. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरचे विभाजन होऊन गडचिरोली हा स्वतंत्र जिल्हा झाला, तरी दोहोंचे सांस्कृतिक जीवन एकाच दोरीने बांधलेले राहिले. दिवाळीच्या सुमारास धान कापणीला येते. त्यानंतर मंडई, शंकरपट आणि नाटक यांचा हंगाम सुरू होतो तो होळीपर्यंत रेंगाळतो. रूढी आणि रंजन यांची येथे फारकत झालेलीच नाही.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची मारबत हे याचे उत्तम उदाहरण होय. नागपुरातील काळी व पिवळी मारबत आणि त्यांच्या मागून निघणारे बडगे प्रसिद्ध आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांपासून चालत आलेल्या त्या मिरवणुकीत चालू राजकारणाची टवाळी होते. खेड्यातील मारबतीला एवढा थाट नसतो. पहाटे रोगराई, खोकला, ढेकूण, डास यांना ओरडून गावाबाहेर जाण्याचा हुकूम दिला जातो. या हुकमाच्या यादीत दर वर्षी नवी भर पडते, आणि एखादा सावकार किंवा पुढारी डासांच्या पंक्तीत जाऊन बसतो. बाहेरून पाहणारा येथे अंधश्रद्धा शोधतो. प्रत्यक्षात ओरडणारे हसत असतात. रूढी पाळणे आणि तिची गंमत करणे या दोन गोष्टी एकाच वेळी, एकाच तोंडाने चालतात. ग्रामीण विनोदाच्या चर्चेत ही गोष्ट बहुधा निसटते, आणि मग गावकरी भाबडा व लेखक चतुर अशी सोयीची वाटणी होते.

दंडार आणि खडी गंमत या दोन लोकनाट्यप्रकारांनी याच वृत्तीला रूप दिले. डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांच्यासारख्या अभ्यासकांनी झाडीबोली आणि झाडीपट्टीची लोकरंगभूमी यांकडे साक्षेपाने लक्ष वेधले, तोपर्यंत मराठी नाट्येतिहासात या प्रकारांना तळटीपेपलीकडे जागा नव्हती. दंडारीत पुरुषच स्त्रीभूमिका करतात. प्रेक्षक भोवताली बसलेले असतात, आणि सोंगे त्यांच्याच ओळखीची असतात: पाटील, भटजी, सावकार, अंगात आणणारा भगत, जंगलातले लाकूड अडविणारा नाकेदार. संवाद लिहिलेले नसल्याने ज्या गावी प्रयोग त्या गावचा संदर्भ त्यांत आपोआप शिरतो. ज्याची टर उडविली जाते तो प्रेक्षकांत बसलेला असतो आणि उद्या सकाळी सोंग करणाऱ्याला तलावावर भेटणार असतो. हे बंधन मोठे आहे. त्यामुळे थट्टेला धार येते, पण ती सहसा कापीत नाही.

दक्षिणेकडे राजुरा-जिवतीच्या डोंगराळ भागात गोंड समाजाची दंडारी आहे. तिचा दंडारीशी नावाचा सारखेपणा असला तरी परंपरा निराळी आहे. दिवाळीच्या दिवसांत एका गावचे पथक दुसऱ्या गावी पाहुणे म्हणून जाते. मोरपिसांचा भला मोठा टोप घातलेले, अंगाला राख फासलेले घुसाडी त्यात असतात, आणि त्यांना थट्टामस्करीची मुभा असते. हे घुसाडी एरवीचे शेतकरी आणि मजूरच. पण टोप डोक्यावर असेपर्यंत ते देवाचे असतात. पवित्र आणि हास्यास्पद हे परस्परविरोधी आहेत असे मानणाऱ्या नागर रसिकाला हे दृश्य गोंधळात टाकते.

आजची झाडीपट्टी रंगभूमी ही या लोकपरंपरेची थेट वारस म्हणता येणार नाही. तिने संगीत नाटकाकडूनही बरेच घेतले आहे. गडचिरोली जिल्ह्यातील वडसा, म्हणजे देसाईगंज, हे तिचे केंद्र. नाट्यमंडळांची कार्यालये येथे आहेत, आणि हंगामापूर्वी गावोगावची मंडळे येथे येऊन नाटक ठरवून जातात. प्रयोगाची सिद्धता गाव करते. बैठकीची जमीन खणून तिला उतार देतात, निघालेल्या मातीचा रंगमंच होतो, वर मांडव पडतो. तिकीट लावलेले असते. रात्री उशिरा पडदा वर जातो तो पहाटेपर्यंत. एकाच गावी एकाच रात्री दोन-दोन, तीन-तीन नाटके समोरासमोर होतात आणि ध्वनिक्षेपकांची जुगलबंदी ऐकू येते. लेकी-जावई, सोयरेधायरे नाटकाच्या निमित्ताने गोळा होतात. लग्नाच्या बोलण्यांना याच दिवसांत तोंड फुटते. नाटक पाहायला येणे हीच येथे एक रूढी आहे, आणि तिच्या तपशिलांत एका उत्कृष्ट विनोदपटाचे साहित्य पडलेले आहे.

शंकरपटाशी या रंगभूमीचे नाते विशेष जवळचे. दिवसा बैलांच्या शर्यती, रात्री नाटक असा क्रम ठरलेला. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यतींना मनाई केली, तेव्हा पट बंद पडले. नाटके मात्र बंद पडली नाहीत. मंडईच्या आणि यात्रांच्या आश्रयाने ती चालू राहिली. डिसेंबर २०२१ मध्ये महाराष्ट्रातील शर्यतींना सशर्त परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ च्या घटनापीठाच्या निकालाने तिला कायम आधार मिळाला. ज्या रूढीच्या बोटाला धरून नाटक चालत होते ती सात वर्षे नसतानाही ते चालले, ही गोष्ट त्याच्या स्वतंत्र बळाची साक्ष होय.

या नाटकांचा मुख्य विषय गंभीर सामाजिक असतो: हुंडा, व्यसन, जमिनीचा तंटा, भाऊबंदकी. १९९३ पासून दारूबंदी असलेल्या जिल्ह्यात रंगमंचावरचा दारुडा हमखास टाळी घेतो, हाही एक स्थानिक विनोदच. कथानकाला समांतर विनोदी पात्रांचे उपकथानक चालते, आणि प्रेक्षक पहाटेपर्यंत टिकतो तो बराचसा त्यांच्या भरवशावर. येथे एक अवघड गोष्ट नोंदविणे भाग आहे. बहुतेक नाटकांत नायक, नायिका, खलनायक प्रमाण मराठी बोलतात. झाडीबोली येते ती विनोदी पात्राच्या तोंडी. ज्या बोलीत ‘डोळा’चा ‘डोरा’ होतो, ‘काळा’चा ‘कारा’ आणि ‘पाणी’चे ‘पानी’ होते, जिला ळ, ण, श यांची गरजच पडत नाही, ती बोली मांडवात बसलेल्या प्रत्येकाच्या घरी बोलली जाते. तरीही रंगमंचावर तिच्यातून प्रेमाची कबुली दिली जात नाही, मृत्यूचा शोक केला जात नाही. तिच्यातून फक्त हसविले जाते. दंडारीत गाव स्वतःला हसत होते. येथे ते स्वतःच्या जिभेला हसते, आणि हसताना शहराच्या कानाने ऐकते. दोहोंत अंतर आहे. प्रेक्षक तेच, जागा तीच, मातीचा उतारही तोच. पण हसणाऱ्याची बैठक नकळत हलली आहे. झाडीपट्टी रंगभूमीचे गुणगान करणाऱ्या लेखनात या गोष्टीकडे काणाडोळा केला जातो, आणि तो योग्य नाही.

या बोलीच्या विनोदाला प्रतिष्ठा मिळाली ती कलावंतांच्या कर्तबगारीने. कुरखेडा तालुक्यातील गुरनोलीचे परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री जाहीर झाली. आठशेच्या आसपास भूमिका आणि पाच हजारांवर प्रयोग ही त्यांच्या कारकिर्दीची नोंद सन्मानाच्या वेळी सर्वत्र आली. त्यांना ‘विदर्भाचे दादा कोंडके’ म्हटले जाते. गौरवाच्या या शब्दांतही तोच तिढा आहे: आयुष्यभर वैनगंगेकाठी हसविणाऱ्या माणसाची ओळख पटविण्यासाठी मुंबईच्या पडद्यावरचे नाव लागते. अर्थात तुलना अगदीच अस्थानी नाही. दादा कोंडके यांचे बळ ‘विच्छा माझी पुरी करा’ या वगाच्या प्रयोगात घडले, आणि तेथेही चालू घटनांवरच्या, त्या त्या रात्री सुचलेल्या कोट्यांना मोठे स्थान होते. १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ आला तेव्हा तमाशाच्या वेडाने झपाटलेला भोळा नाम्या सर्वत्र पोहोचला, पण ती हजरजबाबी कोटी फितीवर कायमची गोठली. चित्रपट प्रयोगाच्या गावाचे नाव घेऊ शकत नाही. दंडारीचा जो प्राण, समोर बसलेल्याला उद्देशून बोलणे, तो पडद्यावर संभवतच नाही. गावच्या रूढीवर विनोदपट काढणाऱ्याला ही उणीव दुसऱ्या कशाने तरी भरून काढावी लागते.

उमेश कुलकर्णी यांच्या ‘वळू’ (२००८) या चित्रपटाने ती कशी भरून काढली, हे पाहण्यासारखे आहे. कथा पश्चिम महाराष्ट्राच्या वळणाच्या कुसवडे या गावची आहे. देवाला सोडलेला डुरक्या नावाचा वळू मोकाट सुटला आहे, आणि गावात काहीही बिघडले की खापर त्याच्यावर फुटते. त्याला पकडण्यासाठी जो वनाधिकारी बोलावला जातो त्याचे नाव स्वानंद गड्डमवार. ‘वार’ने संपणारी आडनावे चंद्रपूर-गडचिरोलीकडे विपुल आहेत, जंगलाचा माणूस तिकडूनच येणार, अशी लेखकाची समजूत या नावातून डोकावते. गावकरी त्याला ‘फॉरेश्ट’ म्हणतात. सरपंच आणि त्याचा प्रतिस्पर्धी या दोघांनाही वळूपेक्षा निवडणुकीची चिंता अधिक. पण खरी युक्ती पुढेच आहे. अधिकाऱ्याचा धाकटा भाऊ या मोहिमेची चित्रफीत काढायला सोबत आला आहे, आणि गावातला प्रत्येकजण त्याच्या कॅमेऱ्यासमोर आपापली बाजू मांडून घेतो. म्हणजे बाहेरून पाहणारा डोळा दिग्दर्शकाने लपवून न ठेवता कथेतच आणून बसविला. गाव कॅमेऱ्याला हसते, कॅमेरा गावाला हसतो, आणि वाघा-बिबट्यांची सवय असलेला अधिकारी एका बैलापुढे हतबल होतो तेव्हा हशाची वाटणी बरोबरीने होते. याच दिग्दर्शकाच्या ‘देऊळ’मध्ये (२०११) केशाला झालेल्या दत्तदर्शनाचा बाजार कसा मांडला जातो हे दाखविताना विनोद कडवट होत जातो. तेथे चमत्कारिक ठरते ती श्रद्धा नव्हे, तिच्याभोवती उभी राहणारी दुकाने.

झाडीपट्टीवरचा ‘झॉलीवूड’ हा मराठी चित्रपट ३ जून २०२२ रोजी प्रदर्शित झाला. दिग्दर्शक तृषांत इंगळे हे विदर्भाचेच, आणि ‘न्यूटन’चे दिग्दर्शक अमित मसुरकर यांनी तो प्रस्तुत केला. झाडीपट्टीच्या रंगभूमीवरील प्रत्यक्ष कलावंतांकडून त्यात भूमिका करवून घेण्यात आल्या. त्याचे महत्त्व कथानकाहून या निवडीत आहे. नाटकवाल्यांची चढाओढ, हंगामाची धावपळ, मांडवाआडचे रुसवेफुगवे हे सारे ज्यांच्या अंगवळणी पडले आहे त्यांनीच ते केले. त्यामुळे त्यांची बोली ‘विनोदी पात्राची बोली’ राहिली नाही. तीच रागाची झाली, लोभाची झाली, अपमान गिळण्याची झाली. रंगमंचाने जे बोलीला नाकारले ते पडद्याने काही अंशी देऊ केले, असे म्हणावयास हरकत नाही. मात्र हा चित्रपट शहरातील चित्रपटगृहांत पाहणाऱ्यांना तीच भाषा पुन्हा गंमतीची वाटली असणे शक्य आहे. प्रेक्षागृह बदलले की तेच वाक्य निराळे ऐकू येते, आणि त्याला कलावंताचा इलाज नाही.

रूढीच्या विनोदाची सर्वांत कठीण कसोटी अद्याप बाकी आहे. हंगेरीत १९१० ते १९२० च्या दशकांत नाज्रेव्ह व आसपासच्या खेड्यांतील स्त्रियांनी नवऱ्यांना व नातेवाइकांना सोमल घालून मारल्याची प्रकरणे १९२९ मध्ये उघडकीस आली. माश्या मारण्याच्या कागदातून विष काढले जात असे. या वस्तुस्थितीची आठवण मागे ठेवून ग्योर्गी पाल्फी या तरुण दिग्दर्शकाने २००२ साली ‘हुक्कले’ हा चित्रपट केला. चित्रीकरण ओझोरा या खेड्यात झाले आणि भूमिका बव्हंशी तेथील रहिवाशांनीच केल्या. बाकावर बसलेल्या एका म्हाताऱ्याला उचकी लागली आहे, ती थांबत नाही. चित्रपटाचे नाव त्या उचकीचाच आवाज. संवाद जवळजवळ नाहीत. गावचे संथ, विक्षिप्त व्यवहार पाहून प्रेक्षक हसत राहतो. पुरुष मात्र एकेक करून मरत असतात, आणि हे ध्यानात येईपर्यंत प्रेक्षक गावाच्या मौनात सामील झालेला असतो.

झाडीपट्टीच्या संदर्भात हे उदाहरण दूरचे वाटेल. पण तसे ते नाही. दंडारीतील भगताचे सोंग शतकानुशतके हशा पिकवीत आले आहे. लिंबू, अंगारा, घुमणे, खोटेपणा उघड झाल्यावरची पळापळ हे सारे ठरून गेलेले. आणि ऑगस्ट २०२१ मध्ये चंद्रपूर जिल्ह्याच्या जिवती तालुक्यातील एका गावी जादूटोण्याच्या संशयावरून दलित कुटुंबांतील स्त्रीपुरुषांना, त्यांत वृद्धांनाही, चौकात बांधून मारहाण झाली. जादूटोणाविरोधी कायदा २०१३ पासून राज्यात लागू होता. असा चौक आणि सोंगाची जागा खेड्यात बहुधा एकच असते. भोवती बसणारे लोकही तेच. गावाला भगताची थट्टा करता येते, म्हणजे गाव त्याच्या धाकातून सुटले, असा निष्कर्ष लोकनाट्याचे अभ्यासक फार घाईने काढतात. हसणे आणि भिणे एकाच मनात नांदू शकतात. मारबतीच्या पहाटे ते नांदतातच. भगताला हसणारा माणूस पोर आजारी पडले की त्याच भगताकडे जातो, आणि भगताने बोट दाखविले की शेजाऱ्याकडे संशयाने पाहतो. दंडारीने भगताला हास्यास्पद केले. ज्याच्यावर भगत बोट दाखवितो त्याचे सोंग तिने सहसा उभे केले नाही. त्याच्याकडे पाहून हसता येत नाही, म्हणून तो गंमतीत आलाच नाही.

झाडीपट्टीच्या नव्या नाटककारांपुढे आणि तेथे कॅमेरा घेऊन जाणाऱ्यांपुढे हे न आलेले पात्र उभे आहे. ‘हुक्कले’ने ते आणले ते विनोद न सोडता, उचकीच्या तालावर. वडशाच्या मंडळांकडे त्याहून मोठे साधन आहे. रात्रभर जागणारा प्रेक्षक त्यांच्याकडे आहे, प्रसंगी हास्यातून रडण्याकडे क्षणात वळणारा तीन अंकांचा घाट आहे, आणि एक बोली आहे जिच्यात आजवर केवळ हसविले गेले. ते पात्र प्रमाण मराठीत बोलणार नाही. त्याचे पहिले वाक्य झाडीबोलीत उच्चारले जाईल तेव्हा मांडवात सवयीने हशा उठेल, आणि पुढच्या वाक्याला तो कसा थांबवावयाचा हे ती भूमिका करणाऱ्याला ठरवावे लागेल.